न बुडवलेला कोयता

नंदाखाल गावातल्या त्या भाड्याच्या खोलीत मी भिंतीवर देवाची तसबीर लावली नव्हती, मूलद्रव्यांचा तक्ता लावला होता. शाळेने टाकून दिलेला, एका कोपऱ्याला वाळवीने खाल्लेला. घरमालक काकांनी तो पहिल्यांदा पाहिला तेव्हा कॅलेंडर समजून आज तारीख कुठली म्हणून विचारलं होतं.

मी सोलापूरकडची. नव्वदच्या दशकाच्या मध्यावर इथल्या शाळेत विज्ञान शिकवायला आले तेव्हा अठ्ठावीस वर्षांची होते, लग्न झालेलं नव्हतं आणि तोंडाने फटकळ होते. या तीन गोष्टी एकत्र आल्या की माणसाला शेजार मिळत नाही. शाळेतल्या बाकीच्या बाई शेवटची घंटा झाली की एसटी गाठायला पळायच्या. गावात घरोघरी आपापली बोली, ती मला अर्धीसुद्धा कळायची नाही. विहिरीवर बायका हसल्या की मला वाटायचं, माझ्यावरच हसल्या. रविवार तर खायला उठायचा. चर्चमधली मिस्सा सुटली की आख्खा गाव ठेवणीतले कपडे घालून माझ्या खिडकीवरून गप्पा मारत जायचा आणि मी आत साड्यांना खळ घालत बसलेली असायची. कित्येक रविवारी सकाळपासून संध्याकाळपर्यंत माझ्या तोंडून एक शब्द बाहेर पडलेला नसे.

पडायचा तो संध्याकाळी, काकांच्या ओट्यावर. काका सत्तरीचे, बायको जाऊन बरीच वर्षं झालेली. माझ्याशी बोलताना ते घरची बोली बाजूला ठेवून शाळेतली मराठी काढायचे, जरा अडखळत. चहा मात्र फक्कड करायचे. चहाबरोबर मी त्यांना तक्त्यातलं काहीबाही सांगायची. फॉस्फरस कसा पाण्यात ठेवावा लागतो, सोडियम पाण्यात टाकला तर कसा पेटतो. तक्त्यात प्रत्येक मूलद्रव्यापुढे शोधकाचं नाव होतं. तांबं, लोखंड, सोनं यांच्यापुढे नुसतं लिहिलेलं, ‘प्राचीन काळापासून माहीत’. काकांना त्याची फार गंमत वाटली. म्हणाले, म्हणजे ज्यांना शाळा नव्हती त्यांनी शोधलेलं दिसतंय. मी हसले, पण मनात म्हटलं, यांना काय कळतंय.

काकांची पानवेलींची वाडी होती. पांगाऱ्याच्या झाडांवर चढवलेल्या विड्याच्या पानांच्या वेली, घरामागे, विहिरीपर्यंत. मुलाने गोखिवऱ्याला फ्लॅट घेतला होता आणि तो दर महिन्याला येऊन बाबा, आता चला म्हणून मागे लागायचा. काकांचं उत्तर ठरलेलं, वेली आहेत तोवर मी इथे. मला त्या वेलींचं कौतुक होतं असं नाही. पण वेली गेल्या तर काका जाणार आणि काका गेले तर मला या गावात बोलायला कुणी उरणार नाही, एवढा हिशेब मला पक्का ठाऊक होता.

त्या वर्षी श्रावणात पानांवर काळे डाग आले. पानं कुजायला लागली. त्यावर औषध म्हणजे मोरचूद आणि चुना. मोरचूद हे तांब्याचं निळं मीठ, त्यातलं तांबं बुरशीला मारतं. पण नुसतं मोरचूद पानालाही जाळतं, म्हणून त्यात कालवलेला चुना घालून त्याचा जहालपणा मारायचा. काका हे सगळं अंदाजाने करायचे. मागच्या वर्षी मी पाहिलं होतं, मिश्रण झाल्यावर त्यांनी वाळूने घासून लखलखीत केलेला कोयता कपाळाला लावला आणि बादलीत बुडवून धरला. मला वाटलं, हे काहीतरी देवदेव असेल. त्यांना विचारावं असं काही मला वाटलं नाही.

या खेपेस त्यांच्या डोळ्यांना नीट दिसत नव्हतं, म्हणून मी पुढे झाले. खरं सांगायचं तर मिरवायची हौसच आली होती. शाळेतला तराजू आणला, शेतीच्या पुस्तिकेतलं प्रमाण पाहिलं आणि सकाळी शाळेच्या आधी मोरचूद आणि चुना अगदी तोलून घेतला. प्लॅस्टिकच्या बादल्यांत दोन्ही वेगवेगळं कालवलं, मग एकत्र केलं. सुरेख आकाशी रंग आला. काका कोयता घेऊन आले. चुना गेल्या वर्षीच्या उघड्या पोत्यातला आहे, एकदा बुडवून बघू, म्हणाले.

“काका, मी मोजून घातलंय,” मी म्हटलं. “रसायनशास्त्राला तुमच्या कोयत्याचा आशीर्वाद लागत नाही.”

काका कसंनुसं हसले आणि त्यांनी कोयता ओट्यावर ठेवला. मी शाळेत गेले. संध्याकाळी आले तेव्हा फवारणी झालेली होती आणि काका चहा करत होते, नखशिखांत भिजलेले. दिवसभर पावसाचा थेंब नव्हता. मी विचारलं तर म्हणाले, पंप धुवत होतो. सत्तरीच्या माणसाने एवढं भिजायचं असतं का, म्हणून मी वर त्यांना झापलं.

चौथ्या दिवशी पानांच्या कडा भाजल्यासारख्या तपकिरी झाल्या. कोवळे शेंडे गळाले. मागाहून राहिलेल्या पानांवर डाग पसरले आणि भाद्रपद सरेपर्यंत अर्ध्याहून जास्त वाडी उघडीबोडकी झाली. रोगच जोराचा होता, असं काका सगळ्यांना सांगत होते. मीही तेच म्हणत होते, अगदी तोंड वर करून.

दिवाळीच्या सुट्टीनंतर नववीच्या वर्गात विस्थापन अभिक्रिया आली. मोरचुदाच्या द्रावणात लोखंडी खिळा. मी हे दरवर्षी करत आले होते. लोखंड तांब्यापेक्षा जास्त क्रियाशील, ते द्रावणातल्या तांब्याला बाहेर काढतं आणि ते तांबं खिळ्यावर बसतं. मुलींनी खिळा वर काढला. लालसर झाला होता. एकीने निरीक्षण मोठ्याने वाचलं. कोयता म्हणजे खिळाच की! मिश्रणात मोकळं तांबं उरलं असेल तर कोयता लाल होणार, मग आणखी चुना घालायचा. आशीर्वाद कसला, ती परीक्षा होती. मी वर्षानुवर्षं फळ्यावर लिहीत आले ते काका वाडीत करत होते आणि मी त्यांना थांबवलं होतं.

त्या संध्याकाळी मी पडवीतल्या पोत्यातला चिमूटभर चुना पुडीत बांधून घेतला. दुसऱ्या दिवशी प्रयोगशाळेत त्यावर आम्ल टाकलं. तो फसफसून वर आला. चांगला चुना असा फसफसत नाही. वर्षभर हवेत राहून त्याचा खडू झाला होता, आणि मी खडू तोलून घातला होता, ग्रॅमपर्यंत बरोबर.

काकांना लगेच सांगायला हवं होतं. मी सांगितलं नाही. लाज वाटली, आणि लाजेपेक्षा जास्त भीती वाटली. मी ओट्यावर जायचं टाळायला लागले. पेपर तपासायचेत, डोकं दुखतंय, असं काहीतरी. काका पडवीतून हाक मारायचे, बाई, चहा ठेवलाय. मी आतून, नको आज, म्हणायची. काही दिवसांनी त्यांनी हाक मारणंही सोडलं. मग सगळे वार रविवारसारखेच झाले. भिंतीपलीकडे त्यांच्या एकट्या कपाचा आवाज यायचा आणि अलीकडे मी तक्त्याकडे बघत बसायची. इतकं एकटं मला आयुष्यात कधी वाटलं नव्हतं, आणि ते माझं मीच ओढवून घेतलं होतं.

मार्गशीर्षात मुलगा टेम्पो घेऊन आला. उरलेल्या वेली काकांनी कुणाला तरी उपटून न्यायला सांगितल्या होत्या. मी खोलीत सकाळपासून येरझारा घालत होते. सामान चढलं तेव्हा मात्र राहवलं नाही. बाहेर जाऊन एका दमात सगळं सांगून टाकलं. खडू झालेला चुना, खिळा, कोयता, सगळं. माझ्यामुळे तुमची वाडी गेली, म्हटलं.

काकांनी हातातली पिशवी खाली ठेवली.

“मला त्याच दिवशी कळलं होतं, बाई,” ते म्हणाले. “फवारून झाल्यावर बादलीत थोडं उरलं होतं, त्यात कोयता बुडवला. लाल झाला. मग दुपारभर विहिरीचं पाणी मारत बसलो वेलींवर, धुऊन निघतं का बघायला.”

मला त्यांचे ते भिजलेले कपडे आठवले.

“मग मला बोलला का नाहीत?”

“बोललो असतो तर तुम्ही ओट्यावर यायच्या बंद झाल्या असता.”

मुलाने हॉर्न वाजवला. काका टेम्पोत चढून बसले. ते गेल्यावर मी ओट्यावर जाऊन बसले, कितीतरी दिवसांनी.