शेणव्याच्या पाटीखालचं नाव

वैशालीच्या श्रद्धांजलीच्या पोस्टखाली तिच्याच चोरलेल्या कामाची लिंक टाकली आहे.

आज तिला जाऊन वर्ष झालं. सकाळी मोबाइल उघडला, तर गेमवाल्या ग्रुपच्या अ‍ॅडमिनने तिच्या फोटोला हार घातलेला. जोडलेले हात. आणि खाली, ‘शहापूर–मुरबाड मॅप, नवीन व्हर्जन, फ्री डाउनलोड’.

निर्लज्ज!

वैशाली माझी शेणव्याच्या शाळेतली विद्यार्थिनी. पुढे मुरबाडला झेरॉक्सचं दुकान टाकलं. गिऱ्हाईक नसलं की कॉम्प्युटरवर बस चालवायचा गेम खेळायची.

गेममधले रस्ते सगळे परदेशातले. हिने त्यात आपला रस्ता बसवला. शहापूर, शेणवा, किन्हवली, सरळगाव, मुरबाड.

अशा भर घालण्याला मॉड म्हणतात, हेही तिनेच मला शिकवलं.

दोन वर्षं खपली. दर रविवारी स्कूटीवरून वळणावळणाचे फोटो. भातखाचरं, पळस, थांब्यामागे आमच्या शाळेची कौलं. स्क्रीनवर तो रस्ता पहिल्यांदा पळू लागला, तेव्हा वाटलं, मी पुन्हा तिशीत आहे आणि पहिला तास कवितेचा आहे.

"हा गेम चोरीचा ना गो?" मी विचारलं.

"गेम चोरीचा हाय, गुरुजी. रस्ता माझा हाय."

पण ते तिला लागलं. पुढे तिने ओरिजिनल घेतला आणि पावती दाखवायला घरी आली, प्रगतिपुस्तक दाखवावं तशी.

गाडीतल्या कंडक्टरचा आवाज माझा. थांब्यांची नावं मी चालीत म्हटली.

"गुरुजी, कंडक्टर कविता नाय म्हणत. वरडा!"

ओरडलो. शेणवाऽऽ! चला, शेणवा उतरा!

शेणव्याच्या पाटीखाली तिने बारीक अक्षरात लिहिलं होतं, ‘रस्ता बांधणारी: वैशाली’.

चोरीचे गेम खेळणाऱ्या या ग्रुपवाल्यांत एक रीत आहे. मॉड कुणीही वापरावा, बनवणाऱ्याचं नाव काढू नये. आणि जिच्यात बदल करता येतात ती मूळ फाइल कुणाला देऊ नये.

वैशालीच्या मूळ फाइलची एक प्रत पेनड्राइव्हवर माझ्याकडे होती. विश्वासाने ठेवलेली.

मग अ‍ॅडमिनचा मला मेसेज. "काका, आवाज एक नंबर! फक्त सरळगावला फाटतोय. मूळ फाइल पाठवा, साफ करून देतो. ताईंना सरप्राइज!"

आवाजाची स्तुती झाली आणि म्हातारा विरघळला. पाठवली.

आठवड्यात मॅप त्याच्या नावावर. पाटीखाली त्याच्या चॅनेलचं नाव.

मी जाब विचारला. उत्तर आलं, "चोरीच्या गेमवर कसली मालकी, काका? चिल."

अरे, कंपनीला लुटतो म्हणून मिशीला पीळ देता ना? मग ही कुठली कंपनी? ही तुमच्यातलीच एक बाई, रविवारी उन्हात रस्त्याचे खड्डे मोजणारी!

वैशालीला कळलं तेव्हा ती एवढंच म्हणाली, "फाइल कोणी दिली, गुरुजी?"

मी गप्प.

दुकानात तिच्याबरोबर नणंद बसायची, सुरेखा. संशय तिच्यावर गेला. दोघींचं बोलणं बंद झालं, ते शेवटपर्यंत. काविळीने वैशाली गेली तेव्हा सुरेखाताई अंगणातल्या कोपऱ्यात एकट्या उभ्या होत्या. कुणी त्यांना जवळ घेतलं नाही.

मी तेव्हाही गप्प.

म्हणून आज सगळ्यांसमोर लिहितो. सुरेखाताई, फाइल मी दिली.

अ‍ॅडमिनवर चिडणं सोपं आहे. वैशाली असताना मुरबाडला तिच्या दुकानात जाऊन हे एक वाक्य बोलणं मला जमलं नाही. आयुष्यभर पोरांना सांगत आलो, उत्तर येत असेल तर हात वर करा.

आणि अ‍ॅडमिन, तू तिचं नाव पुसलंस, माझा आवाज तेवढा ठेवलास. पाटीखाली तिचं नाव लाव, नाहीतर माझा आवाज काढ. तुझ्या गाडीत मी कंडक्टर नाही.

फोटोला हार घालायचा हक्क आज मलाही नाही.

वैशाली, फाइल मी दिली गो.

चल, येतो.