आमच्या अंकलच्या बारा बायका

आमच्या अंकलना बसलेलं पाहिलंय असं छातीठोकपणे सांगणारा माणूस अख्ख्या मस्कतमध्ये सापडणार नाही. सापडलाच तर तो थापा मारतोय असं खुशाल समजावं. मी स्वतः चार वर्षं त्यांच्याबरोबर हमरियातल्या एका खोलीत राहिलो, तेव्हा माझ्या शब्दाला काही वजन आहे. अंकल जेवत ते ओट्याशी उभे राहून. पेपर वाचत तो खोलीत येरझारा घालत, आणि आपल्याला हवं ते पान नेमकं पाठ फिरवून दूर जात असायचं. चर्चमध्ये सगळे बसले तरी हे मागच्या भिंतीशी उभे. शुक्रवारी आमच्याकडे रमीचा डाव पडे, त्यातही अंकल उभ्याने खेळत. उभ्या माणसाला सगळ्यांची पानं दिसतात, आणि तरीही हा गृहस्थ दर शुक्रवारी हरत असे, यावरून त्यांचं लक्ष कुठे असायचं ते कळेल. कुणाकडे चहाला गेलो तर कप खाली ठेवला की 'चला' म्हणून हे निघालेच. यजमानांनी बशीत काढलेली चकली बिचारी तशीच राहायची.

अंकल माझे सख्खे सोडाच, लांबचेही कोणी नव्हते. ते वसईचे ख्रिस्ती, मी गुहागरचा. ते रुवीतल्या एका फ्रेमच्या दुकानात कारागीर, मी एका हॉटेलात हाउसकीपिंग सुपरवायझर. मी २०१२ मध्ये मस्कतला आलो तेव्हा त्यांच्या अकरा खोल्या बदलून झाल्या होत्या. वादी कबीर झालं, घुब्रा झालं, मध्ये सहा महिने अल मवालेहला भाजीबाजाराशेजारीही राहून झालं. बाराव्या खोलीत मी सापडलो. मी चांगला स्वयंपाक करत असल्यामुळे ती खोली त्यांनी सोडली नाही, पण मग पायाची भिंगरी खाटेला लावली. संध्याकाळी कामावरून यावं तर त्यांची खाट आज खिडकीखाली, उद्या फ्रीजशेजारी, परवा थेट दारात. मी एकदा चिडून विचारलं, तर म्हणाले, 'तुला नाही कळायचं रे बाबा, इथून वारा येत होता तो संपला.'

या माणसाचा जीव एका ठिकाणी गुंतलेला होता, आणि ते ठिकाण म्हणजे युरोपातल्या जुन्या चित्रांतल्या जिप्सी बायका. 'जिप्सी नाही म्हणायचं, रोमा म्हणायचं,' हे त्यांचं पहिलं वाक्य असे आणि ते आमच्या खोलीत दिवसातून दोनदा तरी ऐकू येई. दुकानात फ्रेम करायला छापील चित्रांचे गठ्ठे येत. त्यात दहाबारा चित्रांमागे एक तरी अशी बाई निघायचीच. काळे डोळे, कानात कडी, पाय अनवाणी, हातात डफ, नाहीतर कुण्या गोऱ्या पोराचा हात वाचतेय. आणि खांद्यावरून पोलकं घसरलेलं. 'तीनशे वर्षांत एकाही चित्रकाराला ते पोलकं वर ओढावंसं वाटलं नाही,' अंकल म्हणत. चित्राखाली राजाचं नाव असतं, सरदाराचं असतं, सरदाराच्या घोड्याचंसुद्धा असतं. या बाईचं कधी नसतं, हे त्यांचं दुसरं दुःख. हे लोक हजार वर्षांपूर्वी आपल्याकडूनच गेले हे त्यांनी कुठेतरी वाचलं होतं, आणि त्या लोकांच्या भाषेतले आकडे त्यांना पाठ होते. भाजी निवडता निवडता 'यॅख, दुय, त्रिन, श्तार, पांज' असे बटाटे मोजायचे आणि माझ्याकडे विजयी मुद्रेने बघायचे, जणू त्या लोकांना वसईच्या स्टेशनावर निरोप द्यायला हे स्वतः गेले होते.

संगीतातही त्यांनी हात घातला होता. लहानपणी ते चर्चमध्ये व्हायोलिन शिकले होते, त्यामुळे कान तयार. फोनवर तिकडच्या संगीतिका आणि गाणी ऐकत ते खोलीभर फिरत आणि मला गोष्ट समजावत. गोष्ट तरी काय, दर वेळी एकच. 'ती नाचते. एक शिपाईगडी नाहीतर एक जमीनदार तिच्यापायी वेडा होतो. शेवटी ती मरते, आणि तो रडतो. टाळ्या,' असं सांगून अंकल खिडकीशी थांबत. 'चार अंकांत तिला कुणी जेवलीस का म्हणून विचारत नाही.' मी आपला डाळीला फोडणी द्यायला उठायचो.

सुरुवातीला मला हे सगळं रिकामटेकडं वेड वाटे. मग एका शुक्रवारी मी गावाहून आलेला आईचा फोटो भिंतीला लावत होतो, तेव्हा अंकलनी माझ्या हातून हातोडी घेतली, स्वतः खिळा ठोकला, फोटो सरळ केला आणि म्हणाले, माझ्याकडे माझ्या आईचा नाही. त्यांची आई डोंबाऱ्यांची होती. गावच्या जत्रेत दोरीवर चालायला आलेली. वडील सुतार. त्यांनी तिच्याशी लग्न केलं, घरच्यांनी दोघांना घराबाहेर काढलं, म्हणून लग्नाचा फोटो नाही. अंकल सहा वर्षांचे असताना ती तापाने गेली, म्हणून पुढचाही कुठला नाही. चेहरा आठवतो, पण हल्ली मधूनच पुसट होतो असं म्हणाले. भुवया आठवतात, आणि हनुवटीवरचं गोंदण, एकाखाली एक तीन ठिपके. जन्मभर लोकांच्या आयांचे फोटो फ्रेम केले, आपल्या आईचा एक नाही, म्हणून हा माणूस त्या चित्रांतल्या बायकांत तिचा चेहरा शोधत होता. त्या दिवसानंतर मी खाटेबद्दल तक्रार केली नाही.

शोध म्हणजे किती, तर इब्रीला एका घरात तीन चित्रं टांगायला अर्बाबने, म्हणजे दुकानाच्या ओमानी मालकाने, त्यांना सकाळी पाठवलं. दुपारी परत यायला हवेत, ते आले दुसऱ्या दिवशी, आणि चक्क टक्कल करून. झालं असं की इब्रीच्या बाजारात एका मलबाऱ्याच्या केशकर्तनालयात त्यांना कॅलेंडरवर अशी एक बाई दिसली. तिच्याकडे नीट बघायचं तर दुकानात काहीतरी करून घ्यायला हवं, म्हणून दाढी केली. नाक जुळतंय असं वाटलं, म्हणून केस कापून घेतले. हनुवटीवर सावली होती, दिवस मावळला. दुसऱ्या दिवशी उजेडात बघायला गेले तेव्हा कापण्यासारखं डोक्यावर फारसं उरलं नव्हतं, म्हणून सगळंच उतरवलं. 'नव्हती ती,' एवढंच म्हणाले. न्हाव्याच्या खुर्चीत तरी बसलाच असाल, असं मी चिडवलं, तर म्हणाले, ती खुर्ची धरू नकोस.

आता त्यांची एक खोड सांगितली पाहिजे, कारण पुढचं रामायण तिच्यामुळेच घडलं. चित्र आणि फ्रेम यांच्यामध्ये जाड पुठ्ठ्याची चौकट असते, तिला माउंट म्हणतात. एकदा एका वयस्कर ओमानी गिऱ्हाइकाने असं एक चित्र आणलं आणि खांदा तेवढा झाका अशी विनंती केली, घरात मुलीबाळी आहेत म्हणून. अंकलनी माउंटला लंबगोल खिडकी कापली, अशी की खांदा, डफ, घागरा, अनवाणी पाय सगळं पुठ्ठ्याखाली गेलं आणि फक्त चेहरा राहिला. गिऱ्हाईक खूश झालं. पण अंकल त्याहून खूश झाले. तेव्हापासून कुणी सांगो न सांगो, हातात रोमा बाई आली की ते लंबगोल कापत. चेहऱ्याकडे बघायला लावायचा हाच एक उपाय आहे, असं त्यांचं म्हणणं होतं.

आणि अशा माणसाला आमच्या हॉटेलचं काम मी मिळवून दिलं! आमच्या रेस्टॉरंटमध्ये दर गुरुवारी 'जिप्सी नाइट' सुरू होणार होती. लाल पडदे, मेणबत्त्या, व्हायोलिन वाजवायला खास रोमानियाहून आणलेली एक बाई, आणि भिंतींवर नाचणाऱ्या जिप्सी बायकांची बारा मोठी चित्रं. मॅनेजर बैरूतचा, तापट. फ्रेमवाला कोण मिळेल असं त्याने विचारलं, तर मी मोठ्या तोंडाने म्हटलं, आमचे अंकल आहेत. कामाच्या मध्ये एकदा मी दुकानात डोकावलो, तर अंकल बाराव्या चित्रापुढे भिंग घेऊन उभे. मला ओढून म्हणाले, 'बघ. हनुवटी बघ. तीन ठिपके.' मी पाहिले. मला दोनच दिसले. पण त्यांच्या चेहऱ्याकडे पाहून मी तिसराही दिसला असं सांगितलं.

गुरुवारी दुपारी चित्रं टांगून झाली आणि मी आत गेलो, तर माझी पाचावर धारण बसली. भिंतीवर बारा पांढरेशुभ्र पुठ्ठे, प्रत्येकात मधोमध एक लंबगोल आणि त्यात एकेका बाईचा फक्त चेहरा. नाच नाही, डफ नाही, घागऱ्याचा एक झोल नाही. व्हिसाच्या रांगेत उभ्या असल्यासारख्या बाराही जणी समोर बघत होत्या. मॅनेजर आला, त्याने एक फेरी मारली आणि शांतपणे विचारलं, 'मी नाच मागवला होता, हे पासपोर्ट फोटो कुणी मागवले?' मग मात्र तो शांत राहिला नाही. संध्याकाळच्या आत सगळे पुठ्ठे निघाले पाहिजेत, नाहीतर उद्यापासून मी आणि अंकल दोघांनीही तोंड दाखवायचं नाही. मी अंकलना हात जोडले. अंकल एकेक चित्र उतरवून त्याचा पुठ्ठा काढायला लागले. अकरा झाली. बाराव्याला हात लावेनात. माझी नोकरी जाईल, मी म्हटलं. माहीत आहे, म्हणाले, आणि चित्राला पाठ लावून उभे राहिले.

तेवढ्यात ती व्हायोलिनवाली सरावासाठी आली. चाळिशीची असेल. हॉटेलने दिलेला लाल घागरा, खांद्यावरून उतरणारं पोलकं, कानात कडी, सगळं अगदी चित्रातल्यासारखं. काढून टाकलेल्या पुठ्ठ्यांचा ढीग तिने पाहिला, मग भिंतीवरचं बारावं चित्र पाहिलं. ढिगातले पुठ्ठे ती बोटाने मोजायला लागली, स्वतःशीच, आणि तिच्या तोंडून निघालं, 'यॅख, दुय, त्रिन, श्तार...' आणि अंकल मागून म्हणाले, 'पांज.'

बाई दचकून वळली. पुढचं सगळं मोडक्या इंग्रजीत झालं, दोघांचंही सारखंच मोडकं. ती खरीच रोमा होती. इथे दर गुरुवारी जिप्सीचे कपडे चढवायचे, आणि आपल्या देशात कामाच्या ठिकाणी आपण रोमा आहोत हे चुकूनही सांगायचं नाही, अशी तिची तऱ्हा. ही कोण, असं तिने चित्राकडे बघून विचारलं. माझी आई, अंकल म्हणाले. मला वाटलं आता ती हसेल. ती हसली नाही. अंकलनी तिच्या खांद्याकडे, घागऱ्याकडे एकदाही पाहिलं नाही. तोंडाकडे बघून विचारलं, 'जेवलीस का?' हे मात्र मराठीत, कारण हा प्रश्न त्यांना दुसऱ्या कुठल्या भाषेत येतच नव्हता. तिला तो कळला कसा, देव जाणे. सकाळपासून नाही, असं तिने मान हलवून सांगितलं. मग अंकलनी माझा डबा तिला दिला. माझा, बरं का! कोलंबीचं कालवण होतं. ती बसून जेवली, अंकल शेजारी उभे राहिले.

डबा पुसून ती मॅनेजरकडे गेली आणि म्हणाली की हे एक चित्र असंच राहू दे, मी याच्याखाली वाजवीन. नसेल तर दुसरी वादक शोधा. सहा वाजता दुसरी वादक कुठून आणणार? 'खलास,' मॅनेजर म्हणाला, 'यल्ला,' म्हणजे झालं, आता कामाला लागा. चित्र राहिलं. माझी नोकरीही राहिली.

पुढे साठी झाली तशी अंकलच्या व्हिसाची मुदत वाढली नाही आणि ते वसईला गेले. चित्र हॉटेलचं, ते मागणार कुठल्या तोंडाने? निघायच्या दिवशी मात्र येऊन त्याच्यासमोर उभे राहून गेले. त्यांच्या जाण्याने खोली एकदम रिकामी झाली. खाट महिनाभर एकाच जागी होती आणि मला तिकडे बघवत नसे. दोन वर्षांनी हॉटेलचं नूतनीकरण निघालं, जुनं सामान टाकून द्यायचं ठरलं, तेव्हा बारावं चित्र मी मागून घेतलं आणि सुट्टीत थेट वसईला घेऊन गेलो. वाटेत मी मनात भाषणसुद्धा तयार केलं होतं, की घ्या, तुमची आई आणली.

अंकलनी दार उघडलं, चित्र घेतलं, उजेडाला धरलं. 'ही नाही रे ती,' म्हणाले.

मी हनुवटीकडे बोट दाखवलं. ते म्हणाले, दुकानातच कळलं होतं. ठिपके तीन होते, पण तू यायच्या आधी बोट ओलं करून त्यातला एक पुसून पाहिला, तर बोटाला लागला. छापखान्याची शाई. राहिलेल्या दोन ठिपक्यांना हात लावायची हिंमत झाली नाही.

मग माझी नोकरी पणाला लावून भांडलात कशाला, मी विचारलं.

'अरे,' अंकल म्हणाले, 'कुणाची तरी आई असेलच ना ती.'

त्यांनी चित्र समोरच्या भिंतीवर टांगलं, वडिलांच्या फोटोशेजारी. मला जेवलास का विचारलं, आणि नाही म्हटल्यावर वाढलं. मग खिडकीजवळची खुर्ची ओढली आणि चित्रासमोर बसले. खरंच बसले, पाठ टेकून. चहा झाला, ऊन ओट्यावरून खाली उतरलं, माझी गाडीची वेळ झाली. अंकल काही हलेनात. शेवटी 'चला' मलाच म्हणावं लागलं, आणि इतक्या वर्षांत पहिल्यांदाच त्यांच्या आधी मी उठलो.