जागा खाली हाय

मी तेहरानला निघाले त्या दिवशी अब्बा विमानतळावर आले नाहीत. मळवलीत ते ज्या बंगल्याची राखण करत, तिथे नेमके पाहुणे उतरले होते. "पावनं हायेत गं, बंगला सोडून कसा येऊ?" म्हणाले आणि मीही पाहुणीच असल्यासारखं त्यांनी गेट उघडून धरलं. पुण्यात माझ्यासोबत शिकलेल्या इराणी मुलाशी लग्न केल्याची ही शिक्षा, असंच मी मनात धरून बसले.

तेहरानला मी सिनेमावाल्यांना शूटिंगसाठी घरं शोधून द्यायला लागले. घरमालकाशी कसं बोलायचं ते अब्बांकडे बघून आलं होतं. होता होता निर्माती झाले. निर्माती म्हणजे काय, तर पटकथा मंजूर व्हावी म्हणून एकदा आणि तयार सिनेमा दाखवू द्यावा म्हणून पुन्हा एकदा सरकारी बाकावर बसून राहणारी बाई. मळवलीला जाणं दर वेळी पुढच्या सिनेमावर गेलं.

एकदा सेटवर जेवणाच्या सुट्टीत अब्बांना व्हिडिओ कॉल लावला. आमच्या म्हाताऱ्या मेकअपवालीने फोनमध्ये डोकावून म्हटलं, "जा-ये शोमा खाली." शब्दशः 'तुमची जागा रिकामी'; म्हणजे तुमची उणीव भासते, एवढाच त्याचा अर्थ. फारसी बोलणारे उठताबसता म्हणतात. पण अब्बांना बंगला भाड्याने मागणाऱ्या दलालांचे रोज फोन यायचे, 'जागा खाली हाय का?' म्हणून. त्यांचा चेहरा एकदम खुलला.

"जागा खाली हाय? मंग येतो की! कंदी येऊ?"

मी सगळ्यांना ते फारसीत सांगितलं. सगळे हसले, मीही पोट धरून हसले. "अब्बा, तशी म्हणायची पद्धत आहे नुसती."

"व्हय व्हय," अब्बा म्हणाले. 'या' म्हणायचं मला सुचलंच नाही. त्याची लाज अजून जात नाही.

अब्बा गेले तेव्हाही माझं शूटिंग चालू होतं. चाळिसाव्या दिवसाच्या विधीला पोचले. अम्माने कपाटातून त्यांचा पासपोर्ट काढून दिला. त्या फोननंतर लगेच काढलेला, आतली पानं कोरी. "तिचं काम सरलं की बोलावंल," असं म्हणायचे म्हणे.

माझ्यासारखे लांब गेलेले तुम्ही घर कशाला म्हणता, मला माहीत नाही. तेहरानमध्ये मला मळवली आठवते आणि मळवलीत आता गेटकडे बघवत नाही.

काल दुपारी अब्बांचा फोन वाजला. अम्माने तो अजून चालू ठेवलाय. मी उचलला. कुणी दलाल होता.

"चाचा, शनिवारी जागा खाली हाय का?"

"व्हय," मी म्हटलं. "खाली हाय."