वाचून दाखवणारे सर

"आयका, वाचून दाखवतो," असं म्हणत सर कपाळावरचा चष्मा नाकावर आणायचे, तेव्हा समजावं, बातमी लिहून झाली. उमरखेडच्या आमच्या वार्ताहर कार्यालयात ते थोरले आणि मी शिकाऊ. ज्याचं म्हणणं छापायचं, त्याला ऐकवल्याशिवाय सर बातमी पुढे पाठवत नसत. असे हट्टी लोक तुम्हीही पाहिले असतील.

एका पुढाऱ्याला त्यांनी त्याचंच भाषण फोनवर ऐकवलं. तो दचकला, "मी असं बोललो?"

"बोलले ना भाऊ. आता काहून घाबरून राह्यले?"

आम्ही दिवसभर हसत होतो. त्या माणसावर मी डोळे झाकून विश्वास टाकला होता.

मग सीमेवर तणाव वाढला. फौजींच्या घरच्यांना बोलतं करा, असा वरून निरोप आला. आम्ही एका बंजारा तांड्यावर गेलो. फौजीची आई, तांड्याच्या बोलीत याडी, तूर पाखडत होती.

"लढाई नोको बाप्पा. माहं पोरगं घरी येऊ दे. तिकडच्या मायचंबी जाऊ दे घरी."

सरांनी लिहिलं, वाचून दाखवलं. "याडी, बरोबर हाय?" तिने मान हलवली.

दुसऱ्या दिवशी पहिल्या पानावर तिचा फोटो आणि मथळा : 'दुसरा मुलगाही देशाला देईन!'

मी सरांना विचारलं, "कोणी बदललं हे?"

"म्याच. वरून तसंच पाह्यजे होतं. लढाईच्या दिवसांत रडणाऱ्या मायले पहिलं पान भेटत नाही."

फसवणूक तिची झाली होती, पण राग मला माझ्यासाठीही आला. ज्यांच्याकडून मी खरं लिहायला शिकलो, ते हेच का?

आठ दिवसांनी, सीमेवरचा तणाव निवळल्यावर, ती तोच अंक घेऊन कार्यालयात आली. "तांड्यातले म्हन्तात, मी दुसरं पोरगंबी देतो म्हनलं. तूच वाच बरं."

सरांनी चष्मा नाकावर आणला. छापील ओळींवरून बोट फिरवत त्यांनी तिचे खरे शब्द वाचले, जे त्या पानावर कुठेच नव्हते. एकही शब्द चुकला नाही.

ती माझ्याकडे वळली. "असंच हाय ना?"

मी "हो" म्हणालो. त्याची लाज अजून गेलेली नाही.

तिचा जीव भांड्यात पडला. सरांनी अंकासाठी हात पुढे केला. "ठेव इथंच, याडी."

"नाही," ती घडी घालत म्हणाली, "पोरगं सुट्टीवर येऊन राह्यलं. त्याले वाचता येते."

त्यानंतर सर कार्यालयात आले नाहीत.