सखूकाकूंच्या पापणीचा नंबर

दवाखान्यात नोकरी केलेल्या माणसाला गप्पांसाठी विषय शोधावा लागत नाही. लोक दुखणं घेऊन येतात, औषध घेऊन जातात आणि जाताना एखादा किस्सा मागे टाकून जातात. मी महाडातल्या एका दवाखान्यात आठ वर्षं कारकून होतो. ते आगबोटीचे दिवस. मुंबईला जायचं तर दासगावहून लाँच, पुढे बाणकोटला आगबोट. धडधाकट माणूसही मुंबईत पोचेपर्यंत आजारी पडायचा!

माझं काम एकच. सरकारनं रोगांची छापील यादी दिली होती आणि त्यात प्रत्येक रोगाला नंबर होता. डॉक्टर रोग सांगणार, मी रजिस्टरात नंबर लिहिणार आणि महिनाअखेर ते सगळं जिल्ह्याच्या कचेरीत जाणार. नियम कडक : एका माणसाला एकच नंबर! पण आमच्याकडची माणसं चार मैल तंगडतोड करून एकच रोग घेऊन थोडीच येणार?

* * *

पोलादपूरकडून एक म्हातारबाबा आले. ताप, खरूज आणि गुडघा, असा सगळा गोतावळा घेऊन.

मी म्हटलं, "बाबा, तिन्हींतलं एकच लिहिता येतं. कुठलं लिहू?"

बाबांनी कपाळाला हात लावून पाहिला, गुडघा चोळून पाहिला. मग म्हणाले, "खरूज लिवा. ताप काय, आज हाय उद्या नाय. खरूज घरातलीच हाय!"

औषध तिन्हींचं मिळालं. सरकारदरबारी मात्र बाबांचा गुडघा ठणठणीत राहिला.

* * *

नंबराची ही भानगड हळूहळू गावोगाव पसरली. नाते गावचे एक बडे जमीनदार खोकला घेऊन आले. मी सव्वीस नंबर लिहिला, तो त्यांनी वाकून पाहिला आणि भडकले.

"परवा माझ्या कुळाला सात नंबर दिलात, आन मला सव्वीस? वरचा लावा!"

डॉक्टर पुण्याचे, अतिशय शांत माणूस. ते म्हणाले, "तुम्हाला अगदी पहिला लावतो. तो पटकीचा आहे. मग तुमच्या घराला पहारा बसेल आणि विहिरीत औषध पडेल. चालेल?"

"नको, नको! सव्वीसच बरा हाय!"

* * *

असं हसतखेळत चाललं होतं, तोवर सखूकाकू आल्या. तुडीलच्या. पन्नाशीच्या, तोंडानं फटकळ. खालच्या पापणीच्या कडेला एक फोड होता. दोन वर्षं त्या त्याला रांजणवाडी समजून लवंग उगाळून लावत होत्या. फोड काही बसेना. मधूनच खपली धरायचा, पुन्हा ओला व्हायचा.

डॉक्टरांनी भिंग लावून दोनदा पाहिलं. मग काकूंच्या नवऱ्याला, राघोकाकांना, बाजूला घेऊन म्हणाले, "ही रांजणवाडी नव्हे. कातडीचा कॅन्सर आहे. अजून लहान आहे, कापून निघेल. पण डोळ्यात उतरला तर डोळा जाईल, आणि तेवढ्यावरही थांबणार नाही. पावसाळ्यात आगबोट बंद व्हायच्या आत मुंबई गाठा."

काकांनी तिथल्या तिथे बसकण मारली. काकूंनी मात्र बाकावरूनच सगळं ऐकलं होतं. त्यांनी विचारलं, "कापनार म्हनजे किती? तोंड ऱ्हाईल ना जाग्यावर?"

मुंबईच्या मोठ्या इस्पितळात फुकट खाट मिळायला जिल्ह्याच्या कचेरीची चिठ्ठी लागायची. चिठ्ठीवर रोगाचा नंबर लागायचा. आणि इथंच घोडं पेंड खाऊ लागलं!

* * *

डॉक्टरांनी गाठींच्या सदरातला नंबर घातला. कागद परत आला : "पापणी हा डोळ्याचा भाग आहे. नंबर दुरुस्त करावा."

डोळ्याचा नंबर घातला. उत्तर आलं : "डोळ्याच्या रोगावर तिथेच थेंब घालावेत."

कातडीचा घातला. उत्तर : "कातडीला मलम लावावे. मुंबईस पाठविण्याचे कारण काय?"

एप्रिल असाच संपला. त्या दिवशी आमच्या शांत डॉक्टरांनी टाक असा आपटला, की कंपाउंडरच्या सदऱ्यावर शाई उडाली. कंपाउंडर शर्ट पुसत म्हणाला, "साहेब, कागदावर एकीच्या तीन बायका करून पाठवू. एक डोळ्याची, एक कातडीची, एक गाठीची!"

काकू बाकावरच होत्या. म्हणाल्या, "आन परत येताना मी त्यांतल्या कुनाच्या घरात जाऊ रं?"

सगळे हसले. मी हसलो नाही. फोड आता तांदळाच्या दाण्याचा हरभरा झाला होता आणि दर खेपेला पट्टी बदलताना तो मला दिसत होता.

* * *

मेच्या मध्याला इन्स्पेक्शन आलं. जिल्ह्याचे मोठे साहेब, आणि बरोबर ते कागद परत धाडणारे हेडक्लार्क. साहेब आत डॉक्टरांशी बोलत बसले. हेडक्लार्क माझ्या खुर्चीत बसून रजिस्टर तपासू लागले.

मी काकूंना फक्त एवढंच सांगितलं, की तुमची चिठ्ठी अडवणारा माणूस तो. पुढचं त्यांच्या मनचं!

काकू टेबलाशी गेल्या, डोळ्यावरची पट्टी सोडली, वाकल्या आणि उघड्या रजिस्टरवर हनुवटी टेकवली. थेट हेडक्लार्कच्या नाकासमोर.

"हां. आता बघा आन लिवा, कुठं लिवायचं तं."

हेडक्लार्क मागे सरकले. मागे भिंत होती. त्या माणसानं आयुष्यभर रोगांचे नंबर पाहिले होते, रोग बहुधा पहिल्यांदाच पाहत होता. घसा खाकरून त्यांनी विचारलं, "बाई... दुखतंय का?"

"नाय ओ भाऊ. दुखलं असतं तं पयल्याच दिवशी बोंबलले असते. दुखत नाय म्हनून तर येवढं वाढलं!"

त्यांनी टाक उचलला, चिठ्ठीवर तिन्ही नंबर ओळीनं लिहिले आणि उठून आत जाऊन साहेबांची सही आणली. मी उगाच खिडकी उघडायला गेलो. ती उघडीच होती.

चौथ्या दिवशी काका-काकू लाँचमध्ये बसले. त्यानंतर पावसाळाभर एक अक्षर कळलं नाही.

* * *

दिवाळी उलटल्यावर एका सकाळी दोघं दवाखान्यात हजर! बाकावर दहाबारा रोगी बसलेले होते. काकूंचा पदर कपाळावर ओढलेला. डॉक्टर खुर्चीवरून उठलेच.

मुंबईच्या सर्जननं फोड मुळापासून काढला होता आणि कपाळाच्या कडेची कातडी वळवून तिथं नवी पापणी बसवली होती. त्या कातडीवर काकूंचं लहानपणचं गोंदण होतं. तीन हिरवी टिंबं आता डोळ्याखाली उतरली होती.

"माज्या आयशीनं कपाळावर गोंदलं, त्या डॉक्टरानं खाली आनलं," काकू म्हणाल्या. "आता कुकू कुठं लावू, सांगा!"

डॉक्टर भिंग घेऊन बराच वेळ पाहत राहिले. मग विचारलं, "दिसतं नीट?"

"तुमच्या मिशीला पांढरा केस आलाय."

"छान. आता मुख्य गोष्ट. नवी पापणी मिटते का? दुसरा डोळा उघडा ठेवा, आणि माझ्याकडे बघून फक्त हा मिटून दाखवा."

काकूंनी डॉक्टरांकडे नीट पाहिलं आणि भर दवाखान्यात, अख्ख्या बाकासमोर, तो डोळा मिटून टचकन उघडला.

डॉक्टर कानापर्यंत लाल.

आणि कोपऱ्यातून राघोकाका कळवळून म्हणाले, "गो सखू, तीस वर्सं झाली लग्नाला, मला कदी मारला नायस तो डोळा!"