मास्तरांनी दडवलेला मासा

मास्तर पेशानं शिंपी, आणि गेल्या चौदा महिन्यांपासून शेतकरी. शेती टॅबलेटमधली आहे, एवढं मात्र ते कुणाला सांगायचे नाहीत. "यंदा भोपळा चांगला आलाय," असं ते पॅन्टची उंची कमी करायला आलेल्या गिऱ्हाइकाला इतक्या सहज सांगत, की त्या बिचाऱ्याला वाटावं, गावाबाहेर यांची चार-पाच एकर तरी असणारच. एकदा बँकेतले साहेब कोट घालून बघायला आले होते. एक हात बाहीत, दुसरा अजून हवेत, तेवढ्यात मास्तर म्हणाले, "जरा थांबा हं, पाऊस लागलाय." साहेबांनी दारातून बाहेर पाहिलं. रस्त्यावर लख्ख ऊन. मास्तर कापडं बेतायच्या टेबलाखाली वाकून पडद्यावरच्या नदीत गळ टाकत होते. साहेब सभ्य गृहस्थ, एका बाहीत दहा मिनिटं उभे राहिले आणि जाताना फक्त म्हणाले, "लागलं का काही गळाला?"

दुकान एवढंसं होतं. एक मशीन, एक टेबल, एक उभा आरसा, आणि भिंतीवर खिळ्यांना टांगलेले खाकी कागदाचे कापडं बेतायचे नमुने. मास्तरांच्या गळ्यात टेप असायची, पण ती गळ्यातच. माणूस उंबऱ्यावर आला की मास्तर डोळे बारीक करून म्हणायचे, "छत्तीस कंबर. जेवल्यावर साडेछत्तीस." मग गिऱ्हाईक हट्टानं मोजायला लावायचं आणि छत्तीसच निघायची. या नजरेचा त्यांना भारी अभिमान. आणि त्याच नजरेनं त्यांचा एकदा असा काही घात केला की विचारू नका.

झालं होतं असं. आई गेली, तेव्हा तिचा निळा लोकरीचा कोट मागे राहिला. ताईला तो हवा होता. ताई म्हणजे मास्तरांची थोरली बहीण, चार तासांच्या अंतरावर दुसऱ्या गावात एकटी राहणारी. मास्तर म्हणाले, "दे इकडे, तुझ्या मापाचा करून देतो." ताई म्हणाली, "माप घे की मग." मास्तर हसले. बहिणीचं माप घ्यायचं? ते तर पाठ होतं! पाठ होतं ते ताईच्या लग्नातलं, बत्तीस वर्षांपूर्वीचं. कोट तयार होऊन गेला तो ताईच्या खांद्याच्या खाली उतरेना. आणि कापलेलं कापड काही परत वाढत नाही.

"आईचा कोट होता रे, छोट्या," ताई फोनवर म्हणाली. "एकदा विचारलं असतंस."

आता इथं कुणीही शहाणा माणूस काय म्हणेल? चुकलो म्हणेल. मास्तर म्हणाले, "मापात काही चूक नाही. तूच जाड झालीस."

झालं. दीड वर्ष अबोला. ताईनं फोन आपटला आणि मास्तरांनी तो परत लावला नाही, कारण लावून बोलायचं काय? चूक कबूल करायला एक वाक्य लागतं, आणि ते वाक्य या घराण्यात कुणाला शिकवलेलंच नव्हतं.

शेवटी कंटाळली ती ताईची लेक. परगावी नोकरी करणारी ही मुलगी रोज संध्याकाळी दोन फोन करायची, एकीकडे आईचं गाऱ्हाणं ऐकायची, दुसरीकडे मामाचं. एका सुट्टीत ती आली आणि दोघांच्याही टॅबलेटवर एकच शेतीचा खेळ घालून गेली. शेत एकच, शेतकरी दोन. ताईचं चित्र गवती टोपी घातलेलं, मास्तरांचं लाल गमबूट घातलेलं. जाताना मामाला म्हणाली, "बोलू नका हवं तर एकमेकांशी. पण गाईंना चारा घाला, त्या बिचाऱ्यांनी काय केलंय?"

पहिला आठवडा दोघं मुकाट्यानं राबले. एकाच शेतात, पाठीला पाठ लावून. मग मास्तरांनी तण समजून ताईची अख्खी ट्यूलिपची ओळ विळ्यानं कापून काढली. पाचव्या मिनिटाला फोन वाजला.

"माझी फुलं कुणी कापली?"

दीड वर्षानंतरचं हे पहिलं वाक्य. मास्तर इतके खूश झाले की शिव्या खाताना हसत होते.

तेव्हापासून रोज साडेसहाला मास्तर अर्धं शटर ओढायचे, फोन दोऱ्याच्या रिळांना टेकवून ठेवायचे आणि टॅबलेट पुढ्यात घ्यायचे. तासभर दोघांची शेती चालायची. ताईनं गाईंना घरातल्या बायकांची नावं दिली होती. जी एका जागी उभी राहून सगळ्यांकडे रोखून बघायची ती मोठी काकू. जी कुंपण ओलांडून शेजारच्यांकडे जाऊन बसायची ती धाकटी मावशी. "मोठ्या काकूनं आज दूध दिलं नाही," ताई सांगायची. "तिला कुणी विचारलं नसेल आधी," मास्तर म्हणायचे, आणि दोघं खिदळायचे. एरवी बोलणं फक्त शेतीचं. गाजर, कोंबड्या, विहीर, मधाच्या पेट्या. त्यापलीकडे कुणी पाऊल टाकायचं नाही, हे न ठरवता ठरलेलं होतं.

असं करता करता खेळ संपत आला. खेळातल्या गावाच्या चौकात एक फळा होता. शंभर कामं लिहिलेली, एक झालं की त्याच्यापुढे फूल उमटायचं. पूल बांधून झाला, लोहाराची मैत्री झाली, खडूस डॉक्टरीणबाई सुद्धा मुरंब्याच्या अकराव्या बरणीला पाघळली. नव्याण्णव फुलं उमटली. राहिला एक मासा. आळशी राजा त्याचं नाव. तो फक्त शरद ऋतूत, फक्त पाऊस चालू असताना, फक्त जुन्या पुलाखाली लागतो, आणि तेही त्याच्या मनात असेल तर. तो पकडून संग्रहालयात दिला की गाव जमतं, आतषबाजी होते आणि खेळ पुरा होतो. भाचीनं सांगून ठेवलं होतं, "शेवट चुकवू नका. मला तर रडू आलं."

एका सोमवारी ताई म्हणाली, "छोट्या, हा महिना संपायच्या आत हे संपवायचं. मग मी बंद करणार."

"बंद म्हणजे?"

"बंद म्हणजे बंद. टॅबलेटवरून काढूनच टाकणार. नाहीतर हात जातोच तिकडे."

खेळ नाही तर साडेसहा नाही. साडेसहा नाही तर ताई नाही. आपण होऊन फोन करावा, तर करून म्हणायचं काय? इतकी वर्षं लोकांच्या कंबरा, छात्या, मांड्यांबद्दल मोकळेपणानं बोललेला हा माणूस, सख्ख्या बहिणीशी शेतीशिवाय कशाबद्दल बोलावं हे त्याला खरोखर सुचत नव्हतं. आणि या म्हातारपणी पुन्हा अबोला त्यांना सोसवला नसता.

नेमका दुसऱ्याच दिवशी दुपारी, ताई खेळात नसताना, आळशी राजा मास्तरांच्या गळाला लागला. चांगला मोठा, मिशाळ, तोंडावर उपकाराचे भाव. मास्तर दोन मिनिटं त्याच्याकडे बघत बसले. मग त्यांनी मधाच्या पेट्यांमागे एक नवीन ट्रंक ठेवली, कुंपणाच्या रंगाला अगदी जुळवून तपकिरी रंगवली, मासा आत टाकला आणि वरून चाळीस दगड भरले.

पुढचे अठरा दिवस मास्तरांनी जो अभिनय केला, तो रंगभूमीनं हातचा घालवला. खेळात पाऊस लागला की ताईची गवती टोपी पुलाखाली हजर. शेजारी लाल गमबूट. "लागेल गं, आज लागेल," मास्तर म्हणायचे. लागायचे ते जुने जोडे, शेवाळ आणि एकदा छत्री.

"डोळ्यांतून पाणी येतंय नुसतं," ताई एकदा म्हणाली.

"मग राहू दे आज. उद्या बघू."

"उद्या नको. आजच बघू."

मास्तरांना मनातून वाईट वाटलं. हिला माझ्यापासून सुटायची एवढी घाई झालीय, असं त्यांनी त्याचं भाषांतर केलं, आणि ट्रंकेत आणखी दहा दगड घातले.

पण मास्तर एक गोष्ट विसरले. ताई स्वच्छतेची पक्की. "शेवट व्हायच्या आधी आवार झाडून घेऊ," असं म्हणून शनिवारी ती शेतभर फिरायला लागली. तिच्या प्रत्येक ट्रंकेवर चिठ्ठी असायची, बी, लोकर, लाकूड. मधाच्या पेट्यांमागे एक बिनचिठ्ठीची ट्रंक निघाली.

"हे काय रे? एवढे दगड कुणी भरले?"

"असू दे गं ते. मी बघतो नंतर."

"काढते ना मी. कंटाळा नाही मला."

एकेक दगड बाहेर पडायला लागला. मास्तरांनी घाईघाईनं आपले लाल गमबूट तिकडे पळवले, ते वाटेत भोपळ्याच्या वेलात अडकले. तोवर शेवटचा दगडही निघाला.

"छोट्या."

"हं."

"हा मासा कधीचा आहे?"

"तसा... ताजा आहे."

"तारीख लिहिलेली आहे खाली!" ताईचा आवाज एकदम चढला. "अठरा दिवस? अठरा दिवस मी पावसात गळ टाकून बसलेय!"

"तो पाऊस खोटा होता, ताई."

"कंबर खरी होती ना माझी! गाढवा, आणि मला शेजारी बसून सांगतोस, आज लागेल, आज लागेल!"

गवती टोपी मासा घेऊन तरातरा संग्रहालयाकडे निघाली. लाल गमबूट मागून धावत सुटले. मास्तर दुकानात उभेच राहिले होते, जणू उभं राहिल्यानं आत पळायचा वेग वाढतो.

"ताई, नको देऊस. ऐक. नको."

"का नको?"

"मग तू फोन करणार नाहीस."

बोलून गेले आणि खुर्चीत बसले. हे वाक्य तोंडातून कसं निघालं, ते त्यांनाच कळलं नाही. गवती टोपी संग्रहालयाच्या दारात थांबली.

"म्हणून दडवलास?"

"हो."

"वेडा आहेस का रे तू?" ताई म्हणाली, पण आवाज खाली आला होता. "मला घाई होती कारण सोमवारी डोळ्याचं ऑपरेशन आहे. मोतीबिंदू. डॉक्टर म्हणालेत, नंतर काही आठवडे पडद्याकडे बघत बसायचं नाही. अर्धवट टाकलं की मला झोप लागत नाही, तुला माहितेय. म्हणून म्हटलं, संपवून जाऊ."

"आणि तू मला सांगितलं नाहीस?"

"चौदा महिन्यांत तू मला काय काय विचारलंस, तेवढं सांग."

मास्तर आठवायला लागले. अंडी किती निघाली, हे विचारलं होतं. विहिरीचं पाणी, भोपळ्याचं वजन. मोठ्या काकूच्या पायाला काय झालं, हे तर तीन दिवस रोज विचारलं होतं. ताई, तू कशी आहेस, हे एकदाही विचारलं नव्हतं. डोळ्यांतून पाणी येतंय म्हणाली, तर उद्या बघू म्हणाले. मास्तरांना स्वतःची एवढी लाज वाटली की त्यांनी कुणी बघत नसताना मान खाली घातली.

"चुकलो," ते म्हणाले. मग दम घेऊन म्हणाले, "कोटाच्या वेळीही चुकलो. माप घ्यायला हवं होतं."

पलीकडे ताईनं नाक ओढलं. आणि त्या भरात तिचं बोट लागलं की तिनं मुद्दाम दिलं कोण जाणे, मासा संग्रहालयात जमा झाला. शंभरावं फूल उमटलं. पडद्यावर घंटा वाजायला लागल्या, सगळं गाव चौकात जमलं, लोहार आला, डॉक्टरीणबाई आल्या, गाईसुद्धा गळ्यात माळा घालून आल्या. आतषबाजी सुरू झाली.

"कुठला डोळा?" मास्तरांनी विचारलं.

"आधी उजवा. डावा दोन महिन्यांनी."

"आता दिसतं कितपत?"

"गाय दिसते. कुठली ते तिच्या चालीवरून ओळखते."

"सोबत कोण आहे सोमवारी?"

"लेकीला सुट्टी नाही मिळाली. शेजारीण नेऊन सोडते म्हणाली. मग काय, येईन मी हळूहळू."

खेळातल्या गावाचा प्रमुख माडीवर उभा राहून भाषण करत होता, आणि लोक टोप्या उडवत होते. लाल गमबूट आणि गवती टोपी त्या गर्दीत कडेला निमूट उभे होते. त्यांना चालवणारं कुणी तिकडे बघत नव्हतं.

"मी येतो," मास्तर म्हणाले.

"आणि दुकान?"

"बंद ठेवतो. लोकांना आहेत की जुने कपडे."

"दिवसातून चारदा औषधाचे थेंब घालायचे असतात. हात स्थिर लागतो."

"ताई, अगं चाळीस वर्षं सुईत दोरा ओवतोय मी."

"सुई हलत नाही, छोट्या. मी हलते."

"मग धरून ठेवीन."

ताई हसली. हसता हसता तिला खोकला आला, ती पाणी प्यायला गेली, आणि मास्तर फोन कानाशी धरून तिच्या स्वयंपाकघरातला भांड्याचा आवाज ऐकत राहिले. पडद्यावर शेवटचं फटाक्याचं झाड विझलं, गाव घरी गेलं. ताई परत आली तेव्हा टॅबलेट काळा झाला होता, आणि ते दोघांनाही कळलं नव्हतं.

"अजून आहेस का?" तिनं विचारलं.

"आहे."

"ये मग," ती म्हणाली. "उद्याच ये. जेवायला ये."