नसरीनने मागवलेला सिनेमा

"आंटी, मम्मी इज गॉन..." अजमानहून नसरीनच्या मुलीचा, सनाचा फोन आला तेव्हा मी कणीक मळत होते. माखलेल्या हातानेच रिसीव्हर धरून उभी राहिले. नसरीनला जाऊन आता काही आठवडे झाले, तरी तो आवाज कानातून जात नाही.

नसरीन मूळची रत्नागिरीची. शारजात अल नहदा भागात आमची दारं समोरासमोर होती. एका शाळेत ती फ्रेंच शिकवायची. पुण्यात शिकताना तिने एक फ्रेंच सिनेमा पाहिला होता. एकाच घरात परके होऊन बसलेले नवरा-बायको आणि त्यांची शरीरं, काहीही न झाकता दाखवलेली. त्यावर फ्रान्समध्ये बराच गदारोळ झाला होता म्हणे. दोन हजार सालानंतर त्याची डीव्हीडी निघाली आणि तिने ती पॅरिसच्या मैत्रिणीकडून मागवली, नवऱ्याला, रफीकला, न सांगता. पार्सल आलंच नाही. पोस्टातून फोन आला, पार्सल तपासणीत अडवलंय, तुम्ही स्वतः या.

"व्हिसा कॅन्सल केला तर?" रफीकचा चेहरा उतरला. "सनाची शाळा आहे. जाऊच नकोस."

"नाही गेले तर ते इथे येतील," ती म्हणाली. मग मीच तिच्यासोबत गेले.

पांढरा पायघोळ अरबी कंदुरा घातलेला अधिकारी अदबीने वागला, चहासुद्धा मागवला. मला त्या अदबीचीच धास्ती वाटली. त्याने आवाज बंद करून डिस्क लावली. पडद्यावर एक उघडी पाठ दिसली आणि त्याने चित्र थांबवलं.

"टीचर हो? बच्चों को यही सिखाती हो?"

"मियाँ-बीवी की कहानी है, सर," नसरीन म्हणाली. तिची मान खाली नव्हती.

"खलास, मदाम. अभी जाओ."

डिस्क त्याने ठेवून घेतली. गाडीत तिने मला सिनेमाची सगळी गोष्ट सांगितली आणि मध्येच थांबली. "अभी जाओ म्हणजे काय गं, वर्षा? पुन्हा बोलावणार?"

पुन्हा कोणी बोलावलं नाही. पण मजल्यावर लिफ्ट थांबली की त्यांच्या घरातलं बोलणं थांबायचं. रफीकने दारामागे बॅग भरून ठेवली होती. शाळेचं वर्ष संपलं तेव्हा तिला 'पुढच्या वर्षी येऊ नका' म्हणून सांगितलं, कारण दिलं नाही. कोण बोललं, कोणाला कळलं... काहीच समजलं नाही. ती मंडळी अजमानला लहान फ्लॅटमध्ये गेली. तिथे ती घरीच शिकवण्या घ्यायची. मी त्या सिनेमाचा विषय काढला की उठून खिडकी लावून घ्यायची.

परवा रफीकला भेटायला गेले. तो म्हणाला, "ताई, त्या पिक्चरमध्ये होतं तरी काय?"

इतक्या वर्षांत त्याने तिला हे कधी विचारलं नव्हतं! मी सांगितलं. शेवटी नवरा भीतभीत बायकोच्या गालावर हात ठेवतो आणि ती तो बाजूला करत नाही.

"बस? एवढंच?"

"एवढंच."

सोफ्याच्या दुसऱ्या टोकाला, नसरीन वह्या तपासायला बसायची तिथलं कापड विरून गेलं होतं. रफीकने त्यावर तळवा टेकवला. मी जायला उठले, तरी त्याने तो उचलला नाही.